शेऱ्याच्या रकान्यातला शब्द

आमच्या सोसायटीतल्या एक बाई एका दिवाळी अंकाचं काम बघतात. त्यांनी मला विषय दिला, 'आठवणीतली बाळंतपणं'. मी त्यांना म्हटलं, बाळंतपण जिचं असतं तिच्या आठवणीत राहतं. आमच्या आठवणीत राहतात ते सुजलेले पाय, आणि तेही स्वतःचे. चौतीस वर्षं प्रसूतिगृहात सिस्टर म्हणून काढल्यावर मला पाळण्याकडे बघून गहिवर येत नाही. आधी बाळाचा रंग बघते, मग श्वास मोजते आणि मगच, वेळ उरला तर, गोड म्हणते.

त्यापेक्षा मी एका शब्दाबद्दल लिहिते. शब्द आहे सिलेशन. इंग्रजी आहे, मुळातला लॅटिन, आणि आमच्या प्रसूतिगृहाच्या चार भिंतींबाहेर तो मी कधी कुणाच्या तोंडून ऐकलेला नाही. डॉक्टरांनाही विचारून पाहिलं. बहुतेक जण म्हणाले, "सलाईन म्हणायचंय का तुम्हाला?"

प्रसूतिगृहाचं नाव लिहीत नाही. जे तिथे जन्मले ते ओळखतील, बाकीच्यांना करायचंय काय. पेठेतली दुमजली इमारत, तीस खाटा, खाली तपासणी आणि वर लेबर रूम. चालवायच्या त्या मोठ्या बाई. त्या डॉक्टर होत्या, उंचीने जेमतेम पाच फूट, पण सगळे त्यांना मोठ्या बाईच म्हणत. त्या कमी बोलत आणि जेवढं बोलत त्यातलं निम्मं लागत असे.

मी नवी लागले तेव्हाची गोष्ट. एक लग्न न झालेली मुलगी बाळंतपणाला आली होती. त्या वेळच्या सीनियर सिस्टरांनी तिच्या केसपेपरवर शेऱ्याच्या रकान्यात लाल शाईने 'अविवाहित' असं लिहिलं आणि खाली दोन रेघा ओढल्या. दुपारपर्यंत चहावालासुद्धा मला विचारत होता, "ती तीन नंबरची का हो?" झाडू मारणारीला तीन नंबरच्या खाटेखालीच कचरा दिसायला लागला. शेजारच्या बाळंतिणीच्या सासूबाईंनी खाट बदलून मागितली. ती मुलगी भिंतीकडे तोंड करून पडली होती ती घरी जाईपर्यंत तशीच.

मोठ्या बाईंनी ते पाहिलं. दुसऱ्या दिवशी त्या घरून एक जाडजूड इंग्रजी कोश घेऊन आल्या. त्यांच्या वडिलांचा होता, पुठ्ठा निघालेला, सुतळीने बांधलेला. आम्हाला सगळ्यांना बोलावलं आणि म्हणाल्या, "उद्यापासून शेऱ्यात हा शब्द लिहायचा. दुसरं काही लिहिलेलं मला दिसलं तर मी लिहिणारीचा हात बघेन."

मग त्यांनी अर्थ सांगितला. लॅटिनमध्ये 'सेलारे' म्हणजे लपवणं, झाकून ठेवणं. इंग्रजी 'कन्सील' त्याच मुळातून आला. पण सिलेशनचा अर्थ त्याहून नेमका आहे. बाईने आपलं गरोदरपण किंवा बाळाचा जन्म लपवणं, त्याला सिलेशन म्हणतात. बाई म्हणाल्या, "एवढ्याशा गोष्टीसाठी लॅटिनमधून शब्द काढावा लागला, म्हणजे तिकडेही पोरी लपवतच होत्या की. आता हा शब्द कुणी वापरत नाही, म्हणून आपल्या उपयोगाचा."

आमच्या आया हिराबाईंनी विचारलं, "बाई, हा आजार लागतो का?"

"लागत नाही," बाई म्हणाल्या. "पण बघणाऱ्यांना खाज सुटते."

तर असा तो शब्द आमच्याकडे कामाला लागला. केसपेपरवर सिलेशन दिसलं की काय करायचं ते ठरलेलं होतं. त्या बाईला खिडकीजवळची शेवटची खाट द्यायची, फळ्यावर तिचं नाव लिहायचं नाही, मिस्टर काय करतात हे विचारायचं नाही. नातेवाइकांशी फक्त मोठ्या बाई बोलणार. आणि सगळ्यात महत्त्वाचं, व्हरांड्यात तिचं नाव पुकारायचं नाही. गुपित तिचं आहे, कधी आणि कुणाला सांगायचं ते ती ठरवेल, आपण नाही. एकदा तपासणीला आलेल्या एका साहेबांनी रजिस्टर चाळता चाळता विचारलं, "हे सिलेशन काय आहे? वरचेवर दिसतंय." बाई म्हणाल्या, "पोटाचं असतं. नऊ महिन्यांत आपोआप बाहेर पडतं." साहेबांनी मान डोलावली आणि पान उलटलं.

बाहेरच्यांना वाटतं, लपवणाऱ्या सगळ्या कुमारिका असतात. तसं मुळीच नाही. खडकीच्या दारूगोळ्याच्या कारखान्याच्या क्वार्टर्समधून एक बाई आपल्या मुलीला तपासायला घेऊन यायच्या. मुलीला सातवा महिना होता. मुलगी तपासणीच्या टेबलावर, आणि मी बघतेय आईकडे. गरोदर बाईचा हात नकळत पोटावर जातो, कितीही कामात असली तरी. लपवणारीचा जात नाही. तिने त्या हाताला शिकवलेलं असतं. पर्स धरेल, पदर धरेल, पण पोटाला लावणार नाही. या काकूंचे दोन्ही हात पाठीमागे, शाळेत प्रार्थनेला उभं राहिल्यासारखे.

मी त्यांना बाजूला घेऊन म्हटलं, "काकू, मुलीचा केसपेपर झाला. तुमचा कुठाय?"

काकू मटकन बाकावर बसल्या. आधी रडल्या, मग हसायला लागल्या. वय चव्वेचाळीस. पाळी जायची वेळ आली असं घरात सांगून ठेवलेलं. लेकीच्या सासरचे काय म्हणतील, या एका धास्तीने सहा महिने झाकून नेलेलं. नवऱ्यालासुद्धा गॅस झालाय असंच सांगितलं होतं. तीस वर्षं दारूगोळ्यात काम केलेला माणूस, आणि घरात काय शिजतंय याचा पत्ता नाही. पुढे मायलेकी आमच्याकडेच बाळंत झाल्या, थोड्याच दिवसांच्या अंतराने. भाची मोठी, मामा धाकटा. जावई दोन्हीकडे डबे पोचवत होता आणि त्याच्या चेहऱ्यावर तक्रार नव्हती. काकू सहा महिने उगाच घाबरल्या. असं उगाचचं घाबरणं मी खूप पाहिलं. खरंखुरं घाबरावं असंही पाहिलं, ते खोटं कशाला सांगू. म्हणून तर तो शब्द लागायचा.

आता ज्या गोष्टीसाठी लिहायला बसले ती सांगते. यातली नावं बदलली आहेत.

वर्क फ्रॉम होम सगळीकडे सुरू झालं, त्या सुमारास एका सकाळी दारात रिक्षा थांबली. साठीच्या आसपासचा एक माणूस एका मुलीला धरून उतरला. डोक्याचं फडकं खांद्यावर टाकलेलं, शर्टावर कांद्याच्या सालींचा भुगा. मार्केट यार्डात हमाली करतो म्हणाला. मुलगी चोवीसची, भर ऑक्टोबरच्या उकाड्यात अंगात जाड हुडी.

"सिस्टर, पोरीच्या पोटात लई दुखतंय," तो म्हणाला. "शेजारचा म्हनला, अपेंडिस असंल. पर ही म्हनती, बायकांच्याच दवाखान्यात ने."

मुलीचे दोन्ही हात हुडीच्या खिशात होते. कळ आली तरी ते खिशातून निघून पोटावर आले नाहीत. मी काय ते ओळखलं.

मोठ्या बाईंनी तपासलं. दिवस पूर्ण भरलेले, पिशवीचं तोंड बरंच उघडलेलं. एकही तपासणी झालेली नाही, रक्तगट माहीत नाही, सोनोग्राफी नाही. अशा पेशंटला आम्ही अनबुक्ड म्हणतो, म्हणजे आधी नाव न नोंदवलेली. अनबुक्ड म्हटलं की सिस्टर लोक आधीच जास्तीची तयारी करून ठेवतात, कारण आत काय वाढून ठेवलंय ते कुणालाच ठाऊक नसतं. बाईंनी केसपेपरवर नाव लिहिलं, रूपाली सदाशिव घुले, आणि शेऱ्यात आमचा शब्द. मग बाहेर जाऊन वडिलांना म्हणाल्या, "पोटाचं आहे. वेळ लागेल. बसा."

"बरं," तो म्हणाला आणि व्हरांड्यातल्या बाकावर बसला. काय झालंय, किती वेळ लागेल, ऑपरेशन करावं लागेल का, काही विचारलं नाही. मला तेव्हाच शंका यायला हवी होती. दवाखान्यात काही न विचारणारा बाप मी त्याआधी पाहिला नव्हता.

तेवढ्यात दुसरी एक पेशंट अडली आणि मोठ्या बाई तिच्या सिझेरियनसाठी थिएटरमध्ये गेल्या. लेबर रूममध्ये राहिलो मी, हिराबाई आणि रूपाली.

दोन कळांच्या मधल्या वेळात बायका बोलतात. रूपाली हिंजवडीच्या एका कंपनीत होती, काम घरूनच. "लॅपटॉपच्या कॅमेऱ्यात गळ्याखाली कोणी दिसत नाही, सिस्टर," ती म्हणाली. मुलगा त्याच कंपनीतला. त्याला सांगितल्यावर त्याने काखा वर केल्या, बंगळुरूला बदली घेतली आणि फोन उचलेनासा झाला. आई ती आठ वर्षांची असताना गेली. तेव्हापासून आबांनी एकट्याने वाढवलेली. पहाटे यार्डात जायच्या आधी तिच्या दोन वेण्या घालून देत. वेण्या सुतळीचा पीळ घातल्यासारख्या घट्ट, दिवसभर डोकं दुखायचं म्हणाली.

मग तिने माझं मनगट धरलं. कळ नव्हती, नुसतंच धरलं. "सिस्टर, आबांना मी सांगणार आहे. मीच. शब्द जुळवून ठेवलेत मी, दोन महिने झाले. रोज सांगायचं ठरवते आणि रोज राहतं. दुसऱ्या कुणाकडून त्यांना कळलं तर ते मला कधी काही म्हणणार नाहीत, पण माझ्याकडे बघणारही नाहीत. मला सांगू द्या. तुम्ही नका सांगू."

"मी सिस्टर आहे," मी म्हटलं, "लाउडस्पीकर नाही."

पाऊण तासाने बाळ आलं. मुलगी. नाळेचे दोन वेढे मानेला, रंग निळा, अंग लुळं. रडली नाही. नाळ कापली, तोंड-नाक साफ केलं, पाठ चोळली, तळपायांवर टिचक्या मारल्या. काही नाही. मास्क लावून श्वास देणारा फुगा दाबायला लागले. हिराबाई हातातलं सगळं सोडून उभ्या राहिल्या. रूपाली विचारतेय, "रडत का नाही? सिस्टर, रडत का नाही?" मी नुसती फुगा दाबतेय आणि मनातल्या मनात आकडे मोजतेय.

आणि मग ती खोकली, आणि मग जी काय रडली म्हणता! निळी होती ती लालबुंद झाली. हिराबाई रडायला लागल्या. मला वाटलं, आता खाली बसावं.

बसले असते तर बरं झालं असतं. आमच्याकडे पद्धत अशी, की बाळ झालं की दुपट्यात गुंडाळायचं, लेबर रूमचं दार ढकलायचं, उंबऱ्यात उभं राहून पेशंटचं पूर्ण नाव पुकारायचं आणि नातेवाइकांना बाळ उघडं करून दाखवायचं. मुलगा की मुलगी ते त्यांच्या डोळ्यांनी बघू दे, सही करू दे, म्हणजे उद्या बाळ बदललं म्हणून कुणी भांडायला नको. हे मी हजारो वेळा केलं असेल. पाय आपोआप दाराकडे जातात, तोंड आपोआप उघडतं. त्या दिवशीही गेले आणि उघडलं. बाळ जगलं, एवढंच माझ्या डोक्यात होतं.

"रूपाली सदाशिव घुले यांचे नातेवाईक कोण? मुलगी झाली. बाळ-बाळंतीण सुखरूप."

बाकावर एकच माणूस होता. तो उठून उभा राहिला.

शब्द परत घेता येतात का कुठे? तो दोन पावलं पुढे आला, दुपट्यात बघितलं, बराच वेळ बघितलं. मग खांद्यावरचं फडकं काढून नीट घडी केली, "बरं" म्हणाला, आणि जिना उतरून गेला. त्याच्या चेहऱ्यावर राग होता की काय होतं, मला वाचता आलं नाही. इतकी वर्षं नातेवाइकांचे चेहरे वाचण्यात घालवली, त्याचा काही उपयोग झाला नाही.

मागून हिराबाई हळू आवाजात म्हणाल्या, "सिस्टर, काय केलंत हे."

मी आत आले. बाळ रूपालीच्या कुशीत दिलं. तिने विचारलं, "आबा?"

मी म्हटलं, "चहाला गेलेत."

तिने माझ्याकडे बघितलं आणि "बरं" म्हणाली. बापलेकीचं ते बरं अगदी एका सुरातलं.

मोठ्या बाई थिएटरमधून आल्यावर मी त्यांना सगळं सांगितलं. पुकारलं ते, आणि चहाला गेलेत म्हणून खोटं सांगितलं तेही. बाईंनी टोपी काढली, हात धुतले, पुसले. म्हणाल्या, "जगदाळे, मग सिलेशन आता कुणाच्या नावापुढे लिहायचं?"

नोकरीत मला पुष्कळ बोलणी बसली, पण इतकं कशाने लागलं नाही. मी त्या पोरीला शब्द दिला होता. तिचं एकच मागणं होतं, मला सांगू द्या. ते मी मोडलं, आणि वर मोडलेलं लपवलं.

दोन वाजले, तीन वाजले. जिन्यावर पाऊल वाजलं की मी व्हरांड्यात यायची. कधी डबा घेऊन आलेले कुणाचे दीर, कधी पंखा दुरुस्त करणारा. माझ्या डोक्यात नाही नाही ते यायला लागलं. न परतणारे बाप मी पाहिले होते. चार भाऊबंद घेऊन परतणारेही पाहिले होते. हा परतला नाही तर ही पोर हे बाळ घेऊन जाणार कुठे? आणि त्याने जाऊन एखाद्या रेल्वेच्या रुळांवर काही करून घेतलं तर? त्या यार्डाच्या आसपास रूळ आहेत का, हेसुद्धा मी आठवून बघत होते.

रूपाली मात्र शांत होती. बाळाला पाजत होती आणि ओठ हलत होते. शब्द जुळवत असावी. ते मला बघवेना. साडेचारला मी ठरवलं, आता हिला खरं सांगायचं, मग ती काय म्हणेल ते म्हणो. दाराशी पोचले, तोच जिन्यावर जड पावलं वाजली.

आबा वर येत होते. खांद्यावर गोणपाटाचं बोचकं. बाकावर त्यांनी ते अलगद उतरवलं आणि माझ्यासमोर उघडलं. डिंक, हळीव, खारका, खोबऱ्याच्या वाट्या, गूळ, बाळंतशेपा, तुपाची बरणी. भुसार बाजार सगळा पालथा घातलेला दिसत होता.

"बाळंतिनीला ह्येच लागतं न्हवं?" ते म्हणाले. "तिची आई असती तर तिला ठावं असतं. मी दुकानदाराच्या म्हातारीला इचारलं."

मी म्हटलं, "आबा, माझं चुकलं. तिला स्वतः तुम्हाला सांगायचं होतं. मी भलत्या वेळी..."

"मला ठावं हुतं, सिस्टर."

"काय?"

"सहाव्या महिन्यातच कळलं हुतं. जिना चढताना बघितलं तिला." त्यांनी स्वतःच्या खांद्यावर हात ठेवला. "चाळीस वर्सं वझी उचलतोय मी. वझं घिऊन चालनारं मानूस मला पाठीमागनं बी कळतं. पाय कसा टाकतं, दम कुठं खातं. पोरीनं किती बी जाड सदरा घातला तरी चाल कशी लपवील?"

"मग बोलला का नाहीत?"

"ती सांगंल म्हनून थांबलो. बोललो असतो तर तिला वाटलं असतं, बा नं पकडलं. रोज जेवताना वाटायचं, आज सांगंल. मी भाकरी हळूहळू खायचो." त्यांनी तुपाच्या बरणीचं झाकण घट्ट केलं. "मगाशी तुमी पुकारलं तवा वाटलं, आता हितं बसलो तर तिच्या ध्यानात यील, की बा ला दुसऱ्याकडनं कळलं. म्हनून गेलो. सिस्टर, तिला एवढं नका सांगू. तिला सांगू द्या."

सकाळी हीच विनवणी तिने केली होती, जवळजवळ त्याच शब्दांत. मी मान हलवली. या खेपेला तोंड बंद ठेवलं.

ते आत गेले. मी शेजारच्या रिकाम्या खाटेची स्वच्छ चादर पुन्हा एकदा बदलायला घेतली. ऐकायचंच होतं, लपवत नाही. रूपालीने बोलायला सुरुवात केली, अडखळली, पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं. आबांनी मधे एक शब्द टाकला नाही. मुलाचं नाव आलं तेव्हा फक्त मूठ आवळली. शेवटी ती म्हणाली, "आबा, मी तुम्हाला आधीच सांगायला हवं होतं."

"आत्ता सांगितलंस न्हवं," आबा म्हणाले. जणू सगळं पहिल्यांदाच ऐकत होते. मग वाकून बाळाकडे बघितलं आणि म्हणाले, "नाक तुझ्या आईवानी हाय."

मी चादर तशीच टाकून बाहेर आले आणि व्हरांड्यात उभी राहून रडले. चौतीस वर्षांत पेशंटपायी तीनदा रडले असेन, त्यातली ही एक.

घरी जायच्या दिवशी आबांनी सगळ्या स्टाफला बर्फी वाटली. मुलगा झाला की पेढे, मुलगी झाली की बर्फी, ही आपली पुण्याची रीत. गाळ्यागाळ्यावर जाऊन हमाल, तोलणारे, टेम्पोवाले, सगळ्यांना वाटून आले होते. "कुनी काय म्हटलं का?" हिराबाईंनी विचारलं. "एकानं इचारलं, जावई कुठाय," आबा म्हणाले. "त्याला म्हनलं, बर्फी हाय, खायची असंल तर खा." मोठ्या बाईंनी दोन तुकडे खाल्ले. मग रजिस्टर मागवलं, शेऱ्यातल्या त्या शब्दावर सरळ एक रेघ मारली आणि बाजूला सही केली. "आता लपवण्यासारखं काय राहिलंय इथे," म्हणाल्या. तसं करताना मी त्यांना त्याआधी पाहिलं नव्हतं, नंतरही नाही.

पण राहिलं होतं. माझं खोटं राहिलं होतं. मी निवृत्त झाले, मोठ्या बाईंनी प्रसूतिगृह नव्या डॉक्टरांच्या हाती दिलं, सगळं संगणकावर गेलं आणि तो शब्द कुणी लिहीनासं झालं. माझं ते 'चहाला गेलेत' मात्र मनात तसंच होतं. म्हणून हे लिहायचं ठरल्यावर आधी रूपालीला फोन केला आणि कर्वेनगरला तिच्या घरी गेले. आता ती, आबा आणि मुलगी तिथेच राहतात. आबा नातीला शाळेतून आणायला गेले होते.

मी चहाचा कप हातात धरून सगळं कबूल केलं. दार ढकललं, पुकारलं, खोटं बोलले.

रूपालीने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "सिस्टर, मी आतच होते. दार सताड उघडं होतं. आणि तुमचा आवाज काही लहान नाही."

"म्हणजे तुला तेव्हाच..."

"तेव्हाच. तुम्ही 'चहाला गेलेत' म्हणालात तेव्हा तुमचा चेहरा इतका पडला होता, की मलाच वाईट वाटलं. मग विचार केला, आबा परत आले तर त्यांनी ऐकलंच नाही असं समजून सांगायचं. आणि ते आले, तर तेही तसंच बसले. म्हणून सांगितलं." तिने कप उचलून ठेवले. "आबांना हे माहीत नाही. मला आता सांगायला जमायचं नाही, हसू येईल. तुम्हीच सांगा. तुम्हाला जमतं."

पुणेरी टोमणा होता, मी मुकाट्याने खाल्ला. तेवढ्यात आबा नातीला घेऊन आले, आणि जाताना तेच मला रिक्षापर्यंत सोडायला आले. त्यांनाही विचारलं, तुम्हाला आधीच कळलं होतं ते लिहू का? ते म्हणाले, "लिवा की. पर छापायच्या आधी पोरीला कळाया पायजे. मला तोंडावर सांगवायचं न्हाय. तुमीच सांगा, आवाज हाय तुमचा."

म्हणजे दोघांनी मिळून मला लाउडस्पीकर ठरवलं. मग मी मागच्या रविवारी पुन्हा गेले, दोघांना समोरासमोर बसवलं आणि हा लेख पहिल्यापासून वाचून दाखवला. मोठ्या आवाजात, आणि या वेळी मुद्दाम. नात आत चित्रं रंगवत होती.

वाचून झालं. रूपाली आबांकडे बघत होती आणि आबा स्वतःच्या तळहातांकडे. मग रूपालीने हात पुढे केला आणि आबांच्या गुडघ्यावर ठेवला.

"सिस्टर, एक चूक हाय त्यात," ते म्हणाले. "तेवढी सुधरा. सहावा महिना न्हवता. पाचवा हुता."